अडतिसांचा आंकडा

आमचे धाकटे बंधु खराडीस राहतात. त्यांची कन्या तेथल्याच एका संगणक-कचेरींत नोकरीस आहे. गेल्या वर्षीं तिला पोटाची तक्रार सुरू झाली. जेवल्यावर पोट फुगावें, दिवसांतून तीनतीनदां शौचास जावें लागावें, अंगांतलें बळ गेल्यासारखें वाटावें. घरगुती उपाय करून झाले, मग दुर्बीण घालून लहान आंतड्याच्या आरंभींच्या भागांतून तांदळाच्या कणीएवढे चारपांच तुकडे काढण्यांत आले, आणि आठ दिवसांनीं एक कागद घरीं आला. त्या कागदावर बाकी सारें यथास्थित होतें. जंतु दिसले नव्हते, आंतड्याची लव शाबूत होती. फक्त एका ओळींत म्हटलें होतें कीं, अस्तराच्या शंभर पेशींमागें लिंफोसाइट जातीच्या पेशी अडतीस आढळल्या, त्या पंचविसांपर्यंत असाव्यात. एवढ्या एका ओळीवरून मुलीस सांगण्यांत आलें कीं, गहूं आजन्म वर्ज्य.

आम्ही भेटीस गेलों तेव्हां कणकेचा डबा शेजाऱ्यांकडे पोंचला होता, आणि मुलीची आई डोळ्यांस पदर लावून बसली होती. मुलीच्या विवाहाचीं बोलणीं एके ठिकाणीं चाललेलीं. हा जन्माचा रोग त्यांना सांगावा कीं न सांगावा, सांगितल्यास पुढें काय, ही घोर काळजी. मुलगी मात्र धीराची. ती म्हणाली, "काका, तुम्ही एवढीं जुनीं दप्तरें उलगडतां, हे पंचवीस कोणीं ठरविले तें एकदां पाहा ना!" आम्ही डॉक्टर नव्हे, वैद्यहि नव्हे, इतिहास शिकवून पोट भरणारे. परंतु प्रश्न इतिहासाचाच होता, आणि तो आम्हांस सोडवेना. त्या शोधांत जें हातीं लागलें तें वाचकांपुढें ठेवितों.

ह्या पेशी म्हणजे काय तें आधीं सांगितलें पाहिजे. लहान आंतड्याचें आंतलें अस्तर मखमलीसारखें असतें. त्याच्यावर सूक्ष्म अंकुरांची लव असते. रसांकुर असें त्यांस म्हणतात. आणि त्यांच्यामुळें अन्नरस शोषून घेण्याची जागा अनेक पटींनीं वाढते. ह्या लवेवर पेशींचा एकच थर असतो. एका बाजूस बाहेरून आलेलें अन्न, पाणी आणि जंतु, दुसऱ्या बाजूस आपलें रक्त. मध्यें भिंत काय ती एवढी एकेरी. म्हणून निसर्गानें त्या भिंतींतच, विटांच्या सांध्यांत, पहारेकरी बसवून ठेविले आहेत. हेच ते लिंफोसाइट. निरोगी माणसांतहि ते असतातच. गडबड वाटली कीं त्यांची संख्या वाढते. पहारा वाढला ह्यावरून गांवांत कांहीं तरी घडलें एवढें समजतें; चोर शिरला, आग लागली, कीं नुसती जत्रा भरली, हें पहारेकऱ्यांचीं डोकीं मोजून समजत नाहीं.

ह्या दुखण्याची आपल्याकडील ओळख फार जुनी आहे. चरकसंहितेच्या चिकित्सास्थानांतील पंधरावा अध्याय ग्रहणीवर आहे. अन्न पचेपर्यंत धरून ठेवते म्हणून ती ग्रहणी, जठराग्नीचें तें अधिष्ठान. अग्नि मंदावला म्हणजे ती अन्न कच्चेंच सोडून देते, अशी उपपत्ति. उपचारांत ताकाला मोठा मान. घरोघरच्या वृद्ध माणसांच्या तोंडीं संग्रहणी हा शब्द असतो तो ह्याच परंपरेंतला. एवढ्यावरून चरकाला लिंफोसाइट ठाऊक होते असें म्हणणारे आपल्यांत निघतील. त्यांच्याशीं आमचा वाद नाहीं, पण त्यांच्या पंक्तीस आम्ही बसणार नाहीं. चरकानें रोग्याचा मल, भूक आणि देह पाहिला, आणि जें पाहिलें तें चोख लिहिलें. ह्यांत त्याची थोरवी पुरेशी आहे. आरेटियस नांवाच्या ग्रीक वैद्यानेंहि बहुधा इसवी सनाच्या दुसऱ्या शतकांत असेंच वर्णन करून ठेविलें. पोट ह्या अर्थाच्या त्याच्या शब्दावरून आलेलें सीलिॲक हें नांव लंडनचे डॉक्टर सॅम्युअल गी ह्यांनीं १८८८ सालीं प्रसिद्ध झालेल्या व्याख्यानांत योजिलें, आणि तेंच पुढें रूढ झालें.

मधल्या काळांत युरोपीय लोक व्यापाराच्या आणि राज्याच्या निमित्तानें उष्ण देशांत येऊन राहिले होते. त्यांना तेथें एक चिवट अतिसार जडे. जीभ सोलवटे, शरीर वाळे, रक्त पांढुरकें होई. बार्बाडोस बेटावर विल्यम हिलरी ह्यांनीं १७५९ सालीं त्याचें वर्णन केलें. चीनच्या अमॉय बंदरांत नोकरीस असलेले पॅट्रिक मॅन्सन ह्यांनीं १८८० सालीं जावेंतील डचांचा शब्द उचलून त्याला स्प्रू म्हटलें. पुढें बराच काळ असा समज चालला कीं, स्प्रू हा पूर्वेकडे फार दिवस काढलेल्या गोऱ्या माणसांचा रोग, देशी लोकांस तो क्वचितच होतो. कारण उघड आहे. ग्रंथ लिहिणारा डॉक्टर साहेबांचा, त्याच्यापुढें येणारा रोगीहि साहेबच. बंगल्यामागच्या चाळींतला माणूस तसाच वाळत वाळत गेला तर त्याची नोंद अतिसार ह्या सदरांत होई, आणि घरचीं माणसें म्हणत, संग्रहणीनें गेला. एकाच दुखण्याला दोन दारें होतीं, आणि एका दारानें आलेल्यांचीच मोजणी होत होती.

हें दार उघडण्याचें काम ज्या थोड्या लोकांनीं केलें त्यांत एका बाईंचें नांव मुंबईशीं कायमचें जोडलें गेलें आहे. परळचें हाफकिन इन्स्टिट्यूट आमच्या वाचकांस प्लेगच्या लशीमुळें ठाऊक आहे. १८९६ सालीं ग्रँट मेडिकल कॉलेजांत सुरू झालेली ती प्लेगची प्रयोगशाळा १८९९ सालीं परळच्या जुन्या गव्हर्नर-बंगल्यांत गेली आणि १९२५ सालीं तिला हाफकिनसाहेबांचें नांव मिळालें. ह्या संस्थेंत १९२८ सालीं डॉक्टर लूसी विल्स आल्या. वय चाळीस, केंब्रिजला वनस्पतिशास्त्र शिकून मागाहून वैद्यक शिकलेल्या. मुंबईंत गरोदर बायका भयंकर पांडुरोगानें मरत. रक्तांतल्या तांबड्या पेशी संख्येनें थोड्या, पण आकारानें फुगलेल्या, असें त्या रोगाचें लक्षण. जंतूंचा हा प्रताप असावा असा पहिला तर्क होता. विल्सबाईंनीं जंतु शोधले. ते सांपडले नाहींत.

मग त्यांनीं दुसरी वाट धरली, आणि आम्हांस त्यांच्याविषयीं आदर वाटतो तो येथपासून. त्यांनीं बायकांच्या चुली पाहिल्या. डॉक्टर तळपदे ह्यांच्यासह त्यांनीं मुंबईच्या निरनिराळ्या वर्गांतील स्त्रियांचें खाणें आणि राहणी ह्यांची पाहणी केली. तिचा वृत्तांत १९३० सालीं प्रसिद्ध झाला. गरीब मुसलमान बायकांचें अन्न सर्वांत निकृष्ट, आणि हा पांडुरोग सर्वांत अधिक तोहि त्यांच्यांतच, असें दिसून आलें. कोणत्या अन्नांत काय उणें आहे हें ठरविण्यासाठीं कुन्नूरच्या पाश्चर इन्स्टिट्यूटमध्यें जाऊन त्यांनीं उंदरांना तसलें अन्न घालून पाहिलें. उंदरांना पांडुरोग झालाहि. पण तपास करतां तो उंदरांच्या अंगावरील उवांमधून आलेल्या जंतूंचा निघाला! शास्त्रज्ञांच्या चरित्रांत असे प्रसंग सहसा गाळले जातात. आम्हांस ते फार बोधप्रद वाटतात. पुढें त्या माकडांकडे वळल्या. मुंबईच्या त्या बायकांसारखें अन्न खाऊन माकडें आजारलीं, आणि मार्माइट नांवाचा यीस्टचा काळा अर्क, जो इंग्रज लोक पावाला फांसून खातात, तो देतांच सुधारलीं. बाळंतिणींना आणि गरोदर बायकांना तोच अर्क देण्यांत आला. चारपांच दिवसांत रक्तांत नव्या पेशी दिसूं लागत. १९३१ सालच्या ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्यें हें सर्व छापून आलें.

त्या अर्कांतलें औषधी द्रव्य कोणतें तें समजावयास आणखी दहा वर्षें लागलीं. टेक्सासच्या शास्त्रज्ञांनीं १९४१ सालीं चार टन पालक गाळून त्यांतून एक आम्ल वेगळें केलें. पान ह्या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून त्याला फॉलिक ॲसिड म्हटलें. १९४५ च्या सुमारास तें अमेरिकेंतील लेडर्ली प्रयोगशाळेंत कृत्रिम रीतीनें तयार झालें, आणि त्या संशोधनाचे प्रमुख होते आपल्या आंध्रांतले यल्लाप्रगड सुब्बाराव. दुसऱ्याच वर्षीं असें आढळलें कीं, स्प्रूनें वाळलेल्या रोग्यांनाहि तेंच द्रव्य दिलें असतां जीभ भरून येते, रक्त सुधारतें. म्हणजे परळच्या बायकांचा पांडुरोग आणि साहेबांचा स्प्रू हे परके नव्हते. एकीच्या ताटांत फॉलिक ॲसिड नव्हतें; दुसऱ्याच्या ताटांत होतें, पण आंतडें तें उचलूं शकत नव्हतें. आमचा तर असा तर्क आहे कीं, त्या बायकांपैकीं कित्येकींचें ताट आणि आंतडें दोन्ही दुबळीं असावींत. पण तें पाहणार कोण आणि कसें?

कारण जिवंत माणसाचें आंतडें पाहण्याची सोय तेव्हां नव्हती, आणि मेलेल्या माणसाचें पाहून उपयोग नव्हता. मरणानंतर थोड्याच तासांत हें अस्तर गळूं लागतें. शवचिकित्सा करणाऱ्यास जें दिसे तें रोगाचें कीं मरणाचें, हें ठरत नसे. इंग्लंडांत इप्सविच येथील डॉक्टर पॉली ह्यांनीं १९५४ सालीं शस्त्रक्रियेच्या वेळीं काढलेले ताजे तुकडे तपासून रोग्यांचे रसांकुर झडलेले आहेत हें निर्विवाद दाखविलें. १९५६ सालीं मार्गो शायनर ह्या डॉक्टरीणबाईंनीं पोट न फाडतां तोंडावाटे नळी घालून लहान आंतड्याचा तुकडा काढला. लगेच पुढल्या वर्षीं क्रॉस्बी ह्या अमेरिकन लष्करी डॉक्टरानें गिळण्याची एक धातूची डबी काढली, जी आंत गेल्यावर पातें फिरवून नेमका एक कण कापून घेई. ज्या परीक्षेनें आमच्या पुतणीच्या घरांत रडारड झाली तिचे हे पूर्वज.

गव्हाचा संबंध ह्याच सुमारास उलगडला. हॉलंडांतील बालवैद्य विलेम डिके ह्यांना गव्हाविषयीं संशय युद्धापूर्वींच होता. १९४४-४५ च्या हिवाळ्यांत जर्मनांच्या ताब्यांतल्या हॉलंडांत पाव मिळेनासा झाला. लोक ट्यूलिपचे कंद खाऊन राहिले. आणि सीलिॲकचीं मुलें त्या उपासमारींत सुधारलीं. पाव परत आला, दुखणेंहि परतलें. १९५० सालीं डिके ह्यांनीं आपला प्रबंध प्रसिद्ध केला, आणि दोनच वर्षांत बर्मिंगहॅमच्या मंडळींनीं गव्हाच्या चिकांतील ग्लुटेन हा खरा अपराधी आहे असें दाखविलें. ज्याला हा रोग खरोखर आहे त्याला गहूं सोडणें म्हणजे पुनर्जन्म आहे, ह्याविषयीं वाचकांनीं शंका घेऊं नये.

आतां त्या आंकड्याकडे येऊं. रसांकुर झडण्यापूर्वींच भिंतींतले पहारेकरी वाढतात हें लक्षांत आल्यावर त्यांची गणती सुरू झाली. ॲन फर्ग्युसन आणि मरे ह्यांनीं स्कॉटलंडांत सूक्ष्मदर्शकाखालीं त्या एकेक करून मोजिल्या आणि १९७१ सालीं निकाल छापिला : शंभर अस्तरपेशींमागें चाळिसांपर्यंत असल्यास तें निरोगी. चाळीस! आमच्या पुतणीचे अडतीस त्या न्यायालयांत निर्दोष सुटले असते. पुढें तुकडे आंतड्याच्या अधिक वरच्या भागांतून काढले जाऊं लागले, काचेवरचे काप अधिक पातळ झाले, आणि एकविसाव्या शतकाच्या आरंभीं मर्यादा पंचविसांवर आली. हा बदल मनचा नव्हता, त्याला कारणें होतीं. दरम्यान १९९२ सालीं मायकेल मार्श ह्यांनीं आंतड्याच्या बिघाडाच्या पायऱ्या मांडल्या. तींत नुसत्या पेशी वाढणें ही पहिली पायरी. पायरी म्हटलें कीं जिना डोळ्यांसमोर येतो, आणि जो पहिल्या पायरीवर दिसला तो वर चढणारच असें वाटूं लागतें. शब्दांचा हा खेळ डॉक्टरांनाहि चुकत नाहीं.

पण आम्हांस अधिक महत्त्वाची वाटली ती दुसरीच गोष्ट. हे निरोगी लोक कोठले? स्कॉटलंडांतले. इकडच्या निरोगी माणसाचें आंतडें तसेंच असतें काय? हा प्रश्न वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजांत सेल्विन बेकर आणि व्ही. आय. माथन ह्यांनीं हातीं घेतला होता. १९६० नंतर उत्तर अर्काट जिल्ह्यांत खेडींच्या खेडीं स्प्रूनें आजारलीं, तेव्हां ह्या मंडळींनीं गांवोगांव फिरून काम केलें. गोऱ्यांचा रोग हा समज तेथें कायमचा गाडला गेला. पण त्यांना आणखी एक गोष्ट दिसली. कांहींएक तक्रार नसलेल्या माणसांचे रसांकुरहि विलायती चित्रांतल्यासारखे बोटांच्या आकाराचे नव्हते. ते रुंद, पानांसारखे होते. गर्भांतल्या बाळाचे मात्र बोटांसारखे. म्हणजे फरक रक्ताचा नव्हे, जन्मानंतर मिळालेल्या अन्नपाण्याचा. मुंबईंतहि त्याच दशकांत जीजीभॉय, देसाई, अंटिया आदि डॉक्टरांनीं पश्चिम हिंदुस्थानांतील अशा रोग्यांचा अभ्यास चालविला होता. १९६६ सालीं ढाक्यांतून उलट साक्ष आली. तेथें राहणाऱ्या धडधाकट अमेरिकन स्वयंसेवकांचीं आंतडीं थोड्याच महिन्यांत इकडच्यासारखीं होत, आणि मायदेशीं परतल्यावर पूर्ववत् होत. १९७१ सालीं, म्हणजे तो चाळिसाचा आंकडा छापला गेला त्याच वर्षीं, न्यूयॉर्कमध्यें राहावयास गेलेल्या हिंदी आणि पाकिस्तानी लोकांची तपासणी प्रसिद्ध झाली. वर्षें लोटत तसतशीं त्यांचीं आंतडीं विलायती वळणावर जात होतीं!

हें वाचतांना आम्ही बंधूंच्या सज्जांत बसलों होतों. तेथून मुळा-मुठा दिसते. आख्खें पुणें धुऊन आलेलें पाणी तिच्यांतून खराडीवरून खालीं जातें. वास आला कीं खिडकी लावून घेण्याची तेथें रीतच आहे. मागल्या शतकाच्या अखेरीस महानगरपालिकेच्या हद्दींत येईपर्यंत खराडी हें खेडें होतें; आतां तेथें कांचेचे मनोरे आहेत. पिण्याचें पाणी गाळून येतें, पण मनुष्य दिवसभर बाहेर जें खातो-पितो तें सारेंच गाळून येतें असें नाहीं. त्या मातींतल्या पहारेकऱ्यांनीं स्कॉटलंडांतल्यापेक्षां थोडे अधिक सावध असावें ह्यांत नवल कसलें?

आणि गहूं तरी ह्या मातीचा केव्हांपासून? देशावरच्या खेड्यांत रोजचें अन्न म्हणजे ज्वारी-बाजरीची भाकरी. गव्हाची पोळी सणावारीं. १९५६ सालीं अमेरिकेशीं धान्याचा करार झाला, त्यांतून गहूं बोटी भरभरून मुंबईस उतरला आणि शिधापत्रिकेवरून घराघरांत शिरला. १९७२ च्या दुष्काळांत खाल्लेल्या लाल मिलोची चव आमच्या वडील मंडळींच्या तोंडून अजून गेलेली नाहीं. त्यानंतर देशी गव्हाचें पीक वाढलें, आणि आज खराडींत भाकरी हीच हौसेनें मागवून खाण्याची वस्तु झाली आहे. २०१६ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या पाहणींत सीलिॲक रोग उत्तरेंत हजारीं सुमारें बारा आणि दक्षिणेंत हजारीं सुमारें एक असा आढळला. रोगास लागणारा वंशगत गुण दोन्हीकडे जवळजवळ सारखाच, फरक ताटाचा. उत्तरेचा माणूस दिवसास सरासरी ४५५ ग्रॅम गहूं खाई, दक्षिणेचा २५ ग्रॅम. महाराष्ट्र नकाशांत ह्या दोहोंच्या मध्यें आहे, ताटांतहि बहुधा मध्येंच असावा. तेव्हां हा रोग आपल्याकडे नाहींच, असें म्हणून हात झटकणेंहि बरोबर नव्हे.

हें सर्व टिपून आम्ही पुतणीस घेऊन एका वयस्क पोटविकारतज्ज्ञांकडे गेलों. त्यांनीं कागद पाहिला आणि दोनच प्रश्न विचारले. गहूं सोडण्यापूर्वीं सीलिॲकच्या प्रतिद्रव्यांसाठीं रक्त तपासलें होतें काय? नव्हतें. ते जरा चिडलेच. गहूं बंद केला म्हणजे तीं प्रतिद्रव्यें ओसरतात, आणि मग रोग असला तरी रक्त साक्ष देत नाहीं. दोन महिने पोळी सुटलेली. म्हणजे जो पुरावा हवा होता तोच आपण आपल्या हातानें पुसून टाकिला. दुसरा प्रश्न : आणखी कोणतीं औषधें चालू आहेत? मुलगी म्हणाली, औषध असें कांहीं नाहीं. संगणकापुढें बसून मान धरते म्हणून वेदनाशामक गोळी घेतें. केव्हांपासून? वर्ष झालें असेल. किती? रोज एक, कधीं दोन.

तज्ज्ञांनीं मग समजावून सांगितलें कीं, रसांकुर शाबूत असतां नुसत्या ह्या पेशी वाढण्याचीं कारणें पुष्कळ : जठरांतले जंतु, पाण्यांतून आलेले जिआर्डिया, आंतड्यांत माजलेले इतर जंतु, आणि असल्या गोळ्या, ग्लुटेन त्यांपैकीं एक, आणि अशा कागदांपैकीं थोड्यांच्याच मागें तें असतें. गोळी बंद झाली. मानेसाठीं व्यायाम सुरू झाला. पोळी दोन महिने रोज खावयास लावून मग रक्त तपासलें. प्रतिद्रव्यें नव्हतीं. पोटाची तक्रार त्यापूर्वींच निवत आली होती.

कणकेचा डबा शेजाऱ्यांकडून परत आला. मुलाकडच्या मंडळींस काय सांगावें ह्या प्रश्नावर आमच्या बंधूंनीं आणि त्यांच्या पत्नीनें बरेच दिवस खल केला; मुलीनें तो एका संध्याकाळीं मिटविला. तिनें तो अडतिसांचा कागदच त्यांच्यापुढें ठेविला, आणि मागची सारी हकीकत सांगितली. मुलाच्या आईनें चष्मा लावून कागद वाचला, घडी घालून परत दिला, आणि विचारलें, "मग पुरणपोळी चालते ना?"